कल्याणचा मायावी दिवा

उजेड मुठीत धरावा आणि त्याची हवी ती वस्तू घडवावी, ही माणसाची फार जुनी हौस आहे. अमेरिकेतील चित्रकथांत १९४० साली ‘ग्रीन लँटर्न’ नावाचा एक वीर अवतरला. त्याच्या अंगठीला कंदिलातून शक्ती मिळे. पुढच्या कथांत तर ती अंगठी हिरव्या उजेडाच्या भरीव ढाली नि हातोडे घडवू लागली. आमच्या नंदुरबारची मुले हे सारे आता मोबाइलवर पाहतात आणि ‘असे यंत्र खरेच निघेल का?’ म्हणून विचारतात. त्यांना उत्तर देताना मला मागच्या काळाकडे वळावेसे वाटते. कारण कंदिलातून आकार काढणारे एक कुटुंब सव्वाशे वर्षांहून अधिक काळापूर्वी आपल्याच महाराष्ट्रात होऊन गेले.

कल्याणचे महादेव गोपाळ पटवर्धन हे त्या कुटुंबाचे कर्ते पुरुष. १८९२ च्या सुमारास डॉक्टर माधवराव पितळे या मित्राच्या साहाय्याने त्यांनी ‘मॅजिक लँटर्न’चे खेळ सुरू केले. हे यंत्र मूळचे युरोपातले. ख्रिस्तियान हायगेन्स या डच शास्त्रज्ञाने १६५९ साली त्यासाठी काढलेल्या चित्रांत एक सांगाडा आपलेच डोके काढून हाती घेतो! यंत्राची रचना साधी असे. पेटीत दिवा, त्यामागे उजेड पुढे लोटणारा आरसा, पुढे भिंग, मग रंगवलेली काच आणि शेवटी चित्र मोठे करून पडद्यावर टाकणारे आणखी एक भिंग. काच मात्र उलटी बसवायची. तेव्हा कुठे पडद्यावरचा राम पायांवर उभा राहायचा.

यंत्र परदेशी होते, पण त्यातून प्रकटणारी सृष्टी पटवर्धनांना आपली हवी होती. त्यांचे चिरंजीव रामचंद्र यांनी रामायण-महाभारतातील प्रसंग काचांवर हाताने रंगवले. हे काम किती नाजूक असेल याची कल्पना करावी. रंग पारदर्शक हवेत, नाहीतर उजेड अडायचा. आणि तळहाताएवढ्या काचेवर केसभर चुकलेली रेघ पडद्यावर बोटभर दिसायची. दुसरे चिरंजीव विनायक हेही या उद्योगात होते. चित्रांना निवेदनाची नि गाण्याची जोड असे. पडदा मुका, पण खेळ बोलका! शिवाय काचेवर काच सरकवली, की चित्रातला हात हलल्याचा भासही होई.

या खेळाला पटवर्धनांनी नाव दिले ‘शांबरिक खरोलिका’. पुराणातला शंबरासुर मोठा मायावी. म्हणून शांबरी म्हणजे माया, जादू. आज हे नाव उच्चारताना जीभ अडखळते खरी, परंतु नवलाईची वस्तू घरी आली की तिचे बारसे आपल्या भाषेत करावे, ही उमेद त्यात आहे.

पुढे ७ जुलै १८९६ रोजी मुंबईच्या वॉटसन हॉटेलात ल्युमिएर बंधूंची हलती चित्रे दाखल झाली, आणि ३ मे १९१३ रोजी दादासाहेब फाळक्यांचा ‘राजा हरिश्चंद्र’ गिरगावच्या कॉरोनेशन थिएटरात लागला. आपल्या चित्रपटाचा इतिहास आपण बहुधा तिथूनच सांगतो. फाळक्यांचे श्रेय तसूभरही कमी न करता मला म्हणावेसे वाटते, की अंधारात बसून पुराणकथा पडद्यावर पाहण्याची गोडी काही प्रेक्षकांना आधीच लागलेली होती. ती लावणारा कुंचला इतिहासाच्या पहिल्या प्रकरणात असायला हवा.

लहानपणी सारंगखेड्याच्या यात्रेत तंबूतला सिनेमा पाहताना आम्हा मुलांचे निम्मे लक्ष डोक्यावरून जाणाऱ्या उजेडाच्या झोताकडे असे. धूळ नि विडीचा धूर यांमुळे तो वाशासारखा भरीव दिसे. कोणी पोर तो धरायला उठे, तोच त्याच्या हाताची काळी सावली पडद्यावर पडे आणि तंबूभर ओरडा होई.

मुलांच्या प्रश्नाचे उत्तर मी तेवढ्यावर सोडत नाही. उजेडाचे कण एरवी एकमेकांतून आरपार जातात. परंतु २०१३ साली हार्वर्ड आणि एम.आय.टी.च्या शास्त्रज्ञांनी अतिशीत रुबिडियम वायूतून जाताना त्यांतले दोन-दोन कण जोडीने चालतील असे केले. उजेड पाडताच द्रव घट्ट होऊन वस्तू घडवणारी यंत्रे तर १९८० च्या दशकापासूनच आली आहेत. उजेडाची ढाल मात्र अजून कथेतच आहे.

तोवर कामट्या बांधून, रंगीत कागद चिकटवून आपण दिवाळीला आकाशकंदील करतोच. तो करताना मुलांना कल्याणच्या रामचंद्र पटवर्धनांचे नाव अवश्य सांगावे. दिवा विलायतेचा असला, तरी त्यातून निघणारा राम त्यांच्या हातचा होता.