अनन्या नावाचा अर्थ काय? 'सगळ्यांपेक्षा वेगळी' की 'वेगळी नसलेली'?

'अ'वरून मुलींची नावं शोधायला बसलं की मोबाइलवर जी यादी उघडते, तिच्यात 'अनन्या' हमखास सापडतं. समोर अर्थही दिलेला असतो : अद्वितीय, एकमेव, सगळ्यांपेक्षा वेगळी. अर्थ आवडतो, घरात दोन-चार फोन होतात, आत्या बाळाच्या कानात कुर्र करते आणि नाव पक्कं होतं.

यादीतला हा अर्थ चुकीचा नाही. पण तो या शब्दाचा मुख्य अर्थही नाही. संस्कृतात हा शब्द एके ठिकाणी तर चक्क उलट बाजूला जाऊन बसतो.

शब्द तयार कसा झाला?

फोड अगदी सोपी आहे. 'अन्य' म्हणजे दुसरा. त्याला नकार जोडायचा. संस्कृतात व्यंजनापुढे हा नकार नुसता 'अ' असतो, जसं अमर, अजय. पुढे स्वर आला की त्याचा 'अन्' होतो. अन् + अंत म्हणजे अनंत, अन् + एक म्हणजे अनेक, तसंच अन् + अन्य म्हणजे अनन्य. त्याचं स्त्रीलिंगी रूप अनन्या.

आता खरी गंमत. या समासाचा विग्रह दोन प्रकारे होतो. 'जी दुसरी नाही ती' हा एक, आणि 'जिला दुसरं कोणी नाही ती' हा दुसरा.

दुसऱ्या विग्रहातून येतो तो निष्ठेचा अर्थ. जिचं मन एकाच ठिकाणी आहे, इतरत्र जात नाही, ती अनन्या. भगवद्गीतेत हाच अर्थ पुन्हा पुन्हा भेटतो. आठव्या आणि अकराव्या अध्यायात तर हा शब्द स्त्रीलिंगी रूपातच येतो, पण तिथे तो कुणा मुलीचं नाव नसून 'भक्ती' या शब्दाचं विशेषण आहे. अनन्य भक्ती, म्हणजे दुसरीकडे न वळणारी भक्ती. नवव्या अध्यायातला 22 वा श्लोकही याच शब्दाने सुरू होतो. हा श्लोक माहीत नाही असं वाटत असेल, तर घरातली एलआयसीची पॉलिसी काढून पाहा. बोधचिन्हातलं 'योगक्षेम' शब्द असलेलं ब्रीदवाक्य त्याच श्लोकाचा शेवट आहे. मुंबईत नरिमन पॉइंटला असलेल्या एलआयसीच्या मुख्यालयाचं नावही 'योगक्षेम'च.

मराठीला हा अर्थ परका नाही. 1290 मध्ये ज्ञानेश्वरी लिहून झाली, आणि तिथपासून 'अनन्य शरण', 'अनन्यभाव' हे शब्द कीर्तनातून, अभंगातून मराठी कानांवर पडत आले आहेत.

कालिदासाची अनन्यमानसा

भक्तीबाहेरही हा शब्द फिरला आहे, आणि कालिदासाने त्याच्यावर अख्ख्या नाटकाचं वळण उभं केलं आहे. 'अभिज्ञानशाकुंतला'च्या चौथ्या अंकात दुष्यंताच्या विचारात बुडालेली शकुंतला आश्रमात आहे. दुर्वास ऋषी दारात येतात, तिला कळतही नाही. ऋषी संतापतात आणि शाप देतात : ज्याच्या विचारात तू हरवली आहेस, त्याला तुझी आठवणच राहणार नाही. त्या शापात तिच्यासाठी वापरलेला शब्द आहे 'अनन्यमानसा', जिच्या मनात दुसरं काहीच नाही अशी. पुढची अंगठी, विसर, विरह हे सगळं या एका अवस्थेची किंमत आहे.

'कुमारसंभवा'च्या तिसऱ्या सर्गात हाच शब्द आशीर्वादात येतो. शंकर नमस्कार करणाऱ्या पार्वतीला म्हणतात, दुसऱ्या कोणा स्त्रीचा नसलेला पती तुला मिळो. तोच पुढे तिचा पती होतो, हे सांगायला नकोच.

मग 'अद्वितीय' कुठून आलं?

पहिल्या विग्रहात, म्हणजे 'जी दुसरी नाही' मध्ये, 'एकमेव' या अर्थाला जागा आहे. मोनियर-विल्यम्सच्या 1899 च्या संस्कृत कोशातही तो अर्थ नोंदवलेला आहे, फक्त इतर अर्थांच्या रांगेत. मराठी माणसाच्या डोक्यात मात्र तो पक्का बसवण्यात 'अनन्यसाधारण' या शब्दाचा मोठा वाटा असावा. 'अनन्यसाधारण महत्त्व' हे आपण वर्तमानपत्रात रोज वाचतो. त्याचा अर्थ 'इतरांमध्ये समान नसलेलं'. 'रघुवंशा'त कालिदासाने सहस्रबाहू कार्तवीर्याला हेच विशेषण दिलं आहे : 'राजा' हा शब्द ज्याच्यासोबत इतर कुणाला वाटून घेता आला नाही, असा राजा. या जोडशब्दातला 'साधारण' गळून पडला आणि त्याचा अर्थ एकट्या 'अनन्य'ला चिकटला, असं म्हणायला वाव आहे.

आणि उलट अर्थ? तो वेदान्तात. ब्रह्मसूत्रांच्या दुसऱ्या अध्यायात 'अनन्यत्व' हा शब्द येतो, तो कार्य आणि कारण वेगळे नाहीत हे सांगताना. शंकराचार्यांनी तो समजावताना घडा आणि माती यांचं प्रसिद्ध उदाहरण घेतलं आहे. घडा मातीहून 'अनन्य', म्हणजे मातीपासून वेगळा नाही. 'माझी मुलगी सगळ्यांपेक्षा वेगळी' म्हणून ठेवलेलं नाव तत्त्वज्ञानाच्या वर्गात गेलं की 'कुणापासूनच वेगळी नाही' असं सांगतं. दोन्हींतला कोणता अर्थ जास्त सुंदर, हे ज्याचं त्याने ठरवावं.

विशेषणाचं नाव झालं

शब्द जुना असला तरी मुलीचं नाव म्हणून तो नवा आहे. आजीच्या पिढीत सुमन, कुसुम, शालिनी सापडतात, अनन्या नाही. चेतन भगत यांच्या 2009 च्या 'टू स्टेट्स' कादंबरीची आणि 2014 च्या चित्रपटाची नायिका अनन्या आहे. 2019 मध्ये अनन्या पांडे पडद्यावर आली. मराठीत प्रताप फड यांचं 'अनन्या' हे नाटक गाजलं, त्यावरचा हृता दुर्गुळेचा चित्रपट 2022 मध्ये आला. अपघातात दोन्ही हात गमावलेल्या मुलीच्या या गोष्टीत नाव अर्थातच 'अद्वितीय' याच अर्थाने येतं.

जन्मनक्षत्रावरून अक्षर पाहणाऱ्या घरांसाठी : 'अ' हे कृत्तिकेच्या पहिल्या चरणाचं अक्षर, रास मेष.

एक 'न' जपा

नाव ठेवताना अर्थापेक्षा जास्त काळजी घ्यावी ती जोडाक्षराची. आधा 'न' गळला की 'अनन्या'चं 'अनन्या' राहत नाही. 'अनया' हे वेगळंच नाव होतं. संस्कृतात 'अनय' म्हणजे दुर्वर्तन, वाईट नीती. मराठी गवळणींमध्ये तर अनया हा राधेचा नवरा आहे. बंगालीत हेच नाव साधारण 'ओनोन्ना' असं उच्चारतात, त्यामुळे तिथे इंग्रजी स्पेलिंगमध्ये कधी दोन 'एन' एकत्र दिसतात. जन्मदाखल्यावर एक आणि शाळेत दुसरं स्पेलिंग गेलं, तर पुढे आधार आणि पासपोर्टच्या वेळी तेच निस्तरत बसावं लागतं.

लाडाच्या नावाचं काय? 'अनू' चालेल. 'अन्या' म्हणाल तर सुरुवातीचा नकारच उडतो आणि उरते ती 'दुसरी'. शिवाय मराठी घरात 'ए अन्या' अशी हाक मारली की बहुधा एखादा अनिकेत वळून बघतो.