म्हसा ते टोकियो: गळाची कुळकथा

पौष पौर्णिमेला मुरबाड तालुक्यातल्या म्हसा गावी खांबलिंगेश्वराची यात्रा भरते. शहापूर-मुरबाडच्या शेतकऱ्याला ती जनावरांच्या बाजारामुळे ठाऊक असते, पण तिची दुसरी ओळख गळाची आहे. नवस फेडायला आलेली माणसं पाठीच्या कातडीत लोखंडी गळ टोचून घेतात. याच गळाचा एक फाटा विसाव्या शतकातल्या परफॉर्मन्स आर्टला जाऊन मिळतो, असं माझं ठाम मत आहे.

सायप्रसमध्ये जन्मलेला, ऑस्ट्रेलियात वाढलेला परफॉर्मन्स कलावंत स्टेलार्क १९७० मध्ये जपानला गेला. आपल्याच शरीराच्या आत कॅमेरा सोडून त्याने चित्रफिती केल्या होत्या. १९७६ पासून तो कातडीत गळ अडकवून स्वतःला टांगून घेऊ लागला आणि पुढच्या बारा वर्षांत त्याने असे वीसहून अधिक प्रयोग केले. १९८० चा टोकियोतला प्रयोग विशेष गाजला. त्यात त्याचं वजन भोवती लटकणाऱ्या दगडांनी तोललं होतं.

या प्रयोगांचं मूळ अमेरिकेतल्या मंडन जमातीच्या ओ-की-पा विधीत शोधणारे अनेक आहेत. चित्रकार जॉर्ज कॅटलिनने १८३२ मध्ये तो विधी पाहून चितारला आणि १९७० च्या ‘अ मॅन कॉल्ड हॉर्स’ या चित्रपटाने तो घरोघर पोचवला. त्यामुळे हा तर्क सोयीचा आहे. मला तो पटत नाही, आणि कारण कारागिरीत आहे. मंडन तरुणाच्या छातीतून किंवा खांद्यातून लाकडी खुंट्या जात आणि तो उभा लोंबे. आपल्याकडच्या जुन्या बगाडात धातूचा गळ पाठीत जाई, माणूस पालथा तरंगे आणि आडव्या दांड्याच्या टोकाला फिरे. सातारा जिल्ह्यातल्या बावधनच्या बगाडात तो दांडा, म्हणजे शीड, आजही उठतो. फक्त बगाड्याला, म्हणजे टांगल्या जाणाऱ्या माणसाला, आता गळ न टोचता बांधून टांगतात. १९८५ मध्ये कोपनहेगनच्या रॉयल थिएटरवर स्टेलार्क पालथा लटकला, तेव्हा शिडाचं काम क्रेनने केलं. धातू, पाठ, पालथेपण आणि आडवा हात या चारही खुणा इथल्या आहेत.

मग हे तंत्र तिकडे पोचलं कसं? पोर्तुगीज दुआर्ते बार्बोसाने सोळाव्या शतकाच्या आरंभीच विजयनगरात गळाला टांगून घेणाऱ्या स्त्रियांचं वर्णन लिहिलं होतं. पुढे ईस्ट इंडिया कंपनीच्या काळात अशा दृश्यांची चित्रं युरोपात गेली. १८६५ मध्ये सरकारने बंगालातल्या चरकपूजेच्या गळांवर बंदी आणली, त्या वादाचा गवगवा वेगळाच. अमेरिकेत फकीर मुसाफर या नावाने वावरणाऱ्या रोलंड लूमिसने तर तमिळ भक्तांची कावडी आणि अमेरिकेतल्या मूळ रहिवाशांचं सूर्यनृत्य हे दोन्ही विधी आपल्याच अंगावर करून पाहिले. म्हणजे दोन्ही घराणी एकाच माणसात भेटली. स्टेलार्कने गळ उचलले तेव्हा भारतातली चित्रं त्या पिढीच्या नजरेखालून गेलेली असणारच.

तंत्र गेलं, अर्थ मात्र मागे राहिला. म्हशाला गळ टोचून घेणारा कुणाचा तरी मुलगा असतो. त्याचा नवस घरच्यांना ठाऊक असतो आणि त्या पाठीवर सगळ्या घराचा हक्क असतो. स्टेलार्कचं म्हणणं नेमकं उलटं: शरीर कालबाह्य झालंय, ते कुणाचंही नाही, ती एक बदलता येण्याजोगी रचना आहे. विधीशी नातं सांगायला तो नाखूश असतो, ते याचमुळे. ते नातं मान्य केलं, तर टांगलेल्या शरीराला गाव, देव आणि आईबाप पुन्हा चिकटतात.