वैज्ञानिक संख्यालेखन

वैज्ञानिक संख्यालेखन म्हणजे फार मोठी किंवा फार लहान संख्या एक गुणक आणि दहाचा घात यांच्या गुणाकाराच्या रूपात लिहिण्याची पद्धत होय. धन संख्येसाठी गुणक १ किंवा त्याहून मोठा, परंतु १० पेक्षा लहान असतो व घातांक पूर्णांक असतो. उदाहरणार्थ, ४५,००,००० ही संख्या ४.५ × १०⁶ अशी लिहितात. दशांशचिन्ह जितकी स्थाने डावीकडे सरकते, तितका घातांक येतो; ०.००४५ सारख्या संख्येत ते उजवीकडे सरकते व घातांक ऋण होतो (४.५ × १०⁻³).

सावित्री खोऱ्यातील उदाहरण

सावित्री नदी महाबळेश्वरच्या डोंगरात उगम पावते आणि रायगड जिल्ह्यातील पोलादपूर व महाड या गावांवरून वाहत बाणकोटजवळ अरबी समुद्राला मिळते. तिच्या खोऱ्यातील पावसाचे पाणी लिटरमध्ये मोजू लागताच शून्यांची रांग लागते. एक चौरस किलोमीटर म्हणजे १०⁶ चौरस मीटर. त्यावर १ मिलिमीटर, म्हणजे १०⁻³ मीटर पाऊस पडला, तर घातांकांची बेरीज करून १०³ घनमीटर पाणी मिळते. एका घनमीटरात १०³ लिटर असल्याने हेच पाणी १०⁶ लिटर भरते.

२३ जुलै २०२१ च्या सकाळी संपलेल्या चोवीस तासांत महाबळेश्वर येथे सुमारे ५९४ मिलिमीटर पाऊस नोंदला गेला. त्याच सुमारास महाड शहर पुराच्या पाण्याखाली होते. या पावसाचा हिशेब दर चौरस किलोमीटरला ५.९४ × १०² × १०⁶, म्हणजे ५.९४ × १०⁸ लिटर होतो. हे ५९ कोटी ४० लाख लिटर पाणी सगळेच सावित्रीत उतरते असे नाही. काही जमिनीत मुरते, तर पठारावरील बरेचसे पाणी पूर्वेला कृष्णा-कोयनेकडे वळते.

एकक न लिहिता केवळ घातांक दिल्यास मोठा घोटाळा होतो. ५.९४ × १०⁵ आणि ५.९४ × १०⁸ ही एकाच पाण्याची मापे आहेत. पहिले घनमीटरांत, दुसरे लिटरांत. घातांकात एकाची चूक झाली, तर उत्तर दहापट चुकते. मात्र लांबलचक संख्येत गळालेले शून्य नजरेतून सुटते, तसा चुकलेला घातांक सहसा सुटत नाही. धरणांचा साठा ‘टीएमसी’ म्हणजे अब्ज (१०⁹) घनफूट या एककात सांगतात. एक टीएमसी सुमारे २.८३ × १०⁷ घनमीटर भरतो.

सार्थ अंक

‘६०० मिलिमीटर’ या नोंदीवरून मोजमाप किती काटेकोर होते ते कळत नाही. ६ × १०² मध्ये एकच सार्थ अंक आहे, तर ६.०० × १०² मध्ये तीन. हा भेद दाखवण्याची सोय साध्या लेखनात नाही.

संख्यानामे

भास्कराचार्यांच्या ‘लीलावती’ या १२ व्या शतकातील ग्रंथात एकापासून परार्धापर्यंत (१०¹⁷) दहाच्या प्रत्येक घाताला स्वतंत्र नाव आहे. त्यांपैकी लक्ष (१०⁵), कोटी (१०⁷) व अब्ज (१०⁹) ही नावे आजच्या मराठीत रुळलेली आहेत. इंग्रजी मोजणीतील मिलियन १०⁶ आणि बिलियन १०⁹ असल्याने भाषांतरात कोटी व मिलियन यांची गल्लत होते. स्वल्पविरामांची स्थानेही दोन्हीकडे निराळी आहेत. घातांकी लेखनाला यांपैकी कोणत्याच नावाची गरज लागत नाही.

घातांक उजवीकडे वर लिहिण्याची आजची पद्धत रने देकार्त यांच्या १६३७ मधील भूमितीवरील ग्रंथामुळे प्रचारात आली. संगणकावर वर लिहिण्याची सोय नसेल, तेथे ‘× १०’ ऐवजी ‘ई’ हे रोमन अक्षर वापरतात व ५.९४ × १०⁸ ही संख्या ‘५.९४ई८’ अशी दिसते.