ऑनलाइन लिलाव आणि ग्राहक व्यापारातील विश्वासाचा प्रश्न

प्रस्तावना :
पारंपरिक लिलावात वस्तू डोळ्यांसमोर असते आणि बोली लावणारे एकमेकांस पाहतात. इंटरनेटवरील लिलावात अनोळखी माणसाकडून न पाहिलेली वस्तू घ्यावी लागते. तरीही हा व्यापार वाढला. तो कोणत्या आधारावर वाढला, याचा विचार प्रस्तुत लेखात केला आहे.

उदय व विस्तार :
सप्टेंबर १९९५ मध्ये पिएर ओमिड्यार यांनी कॅलिफोर्नियात 'ऑक्शनवेब' हे संकेतस्थळ सुरू केले. तेथे सुरुवातीच्या काळात एक नादुरुस्त लेसर पॉइंटर १४.८३ डॉलरला विकला गेला. गावच्या बाजारात ज्या वस्तूला गिऱ्हाईक नाही, तिलाही दूर कोठेतरी घेणारा असतो, हे यातून दिसून आले. १९९७ मध्ये या संकेतस्थळाचे 'ईबे' असे नामकरण झाले आणि १९९८ मध्ये कंपनीने समभागांची खुली विक्री केली.

विश्वासाची यंत्रणा :
मालाच्या दर्जाची माहिती केवळ विक्रेत्यास असेल, तर हलका माल चांगल्या मालास बाजारातून हुसकावतो, असे अर्थशास्त्रज्ञ जॉर्ज अ‍ॅकरलॉफ यांनी १९७० मध्ये मांडले होते. ओमिड्यार यांनी १९९६ मध्ये त्यावर व्यावहारिक तोडगा काढला. व्यवहारानंतर ग्राहक व विक्रेता यांनी परस्परांविषयी जाहीर अभिप्राय नोंदवावा, अशी ही सोय होती. तथापि, सूडापोटी उलट शेरा मिळेल या भीतीने ग्राहक तक्रार टाळू लागले. अखेर २००८ मध्ये ग्राहकाविरुद्ध प्रतिकूल शेरा देण्याची विक्रेत्यांची मुभा काढून घेण्यात आली. ग्राहकाला संरक्षण मिळाले. मात्र छोट्या विक्रेत्याची बाजू दुबळी झाली.

भारतातील अनुभव :
मुंबईत २००० मध्ये 'बाझी डॉट कॉम' सुरू झाले. २००४ मध्ये ईबेने ते विकत घेतले. परंतु भारतीय ग्राहकाचा विश्वास मुख्यतः वेगळ्या मार्गाने संपादन झाला. फ्लिपकार्टने २०१० मध्ये माल हाती आल्यावर पैसे देण्याची सोय सुरू केली. ईबेचे भारतीय संकेतस्थळ २०१८ मध्ये बंद झाले.

निष्कर्ष :
ईबेवरही २००० पासून निश्चित किमतीत तत्काळ खरेदीची सोय आली आणि पुढे लिलाव मागे पडला. टिकली ती अभिप्रायाची पद्धत. पूर्वी दुकानदाराची पत त्याच्या पेठेत ठरत असे. आता ती संकेतस्थळाच्या नोंदवहीत ठरते, आणि त्या नोंदवहीचे नियम दुकानदार व ग्राहक यांपैकी कोणीच करत नाही. ऑनलाइन लिलावाचा हाच सर्वांत दूरगामी परिणाम होय.