गेलेली जमीन परत येते तेव्हा

देवळाचा जीर्णोद्धार म्हणजे मोडकळीस आलेले देवस्थान त्याच्या मूळ जागी, मूळ मानाने पुन्हा उभे करणे. माणसाच्या हक्काचाही असा जीर्णोद्धार क्वचित होतो. छत्तीसगड राज्यातील बस्तर जिल्ह्यात, लोहंडीगुडा भागातील दहा गावांच्या वाट्याला तो सन २०१९ मध्ये आला. जमीन हेच ज्यांचे सर्वस्व, अशा ग्रामस्थ बंधुभगिनींना ही हकीकत उद्बोधक वाटेल.

प्रथम कायद्याची पार्श्वभूमी पाहू. सन १८९४ चा भूसंपादन कायदा आपल्या देशात सुमारे १२० वर्षे चालला. कलेक्टरांनी निवाडा देऊन ताबा घेतला की जमीन सर्व बोजांतून मुक्त होऊन सरकारची होई. ताबा घेण्यापूर्वी संपादन सोडून देण्याची मुभा सरकारला होती. ताब्यानंतर मात्र परतीची वाट कायद्याने ठेवलेली नव्हती. ठरलेले काम झाले नाही, जमिनीत कुसळे उगवली, तरी मूळ मालकाचा हक्क पुन्हा जिवंत होत नसे. महाराष्ट्रातीलच एका प्रकरणात सर्वोच्च न्यायालयाने सन १९९६ मध्ये हेच सांगितले. केरळमधील प्रकरणात सन १९९७ मध्ये न्यायालय म्हणाले की, अशी जमीन दुसऱ्या सार्वजनिक कामास लावावी, नाही तर जाहीर लिलावाने विकावी. मोबदला जनतेच्या पैशातून दिलेला, तेव्हा वाढलेल्या किमतीचा लाभही जनतेलाच मिळावा, असा त्यामागील विचार. तो अगदीच चुकीचा म्हणता येणार नाही. परंतु शेतकऱ्याने जमीन दिली ती एका कामासाठी. ते कामच राहिले नाही, तर त्याने घरदार उठवून काय साधले, हा प्रश्न तसाच उरत होता.

पुढे सन २०१३ चा नवा कायदा झाला व तो १ जानेवारी २०१४ पासून अमलात आला. त्याच्या कलम १०१ मध्ये प्रथमच परतीची तरतूद आली. ताबा घेतल्यापासून पाच वर्षे जमीन वापराविना राहिली, तर ती मूळ मालकास वा त्याच्या वारसांस परत करावी, किंवा सरकारच्या भूमी बँकेत जमा करावी, असे हे कलम सांगते. यातील 'किंवा' हा शब्द लहान, पण शेतकऱ्याचे सारे भवितव्य त्यावर टांगलेले आहे.

लोहंडीगुड्याला या शब्दाचा अनुभव आला. सन २००५ मध्ये छत्तीसगड सरकारने टाटा स्टील कंपनीशी पोलाद कारखान्याचा करार केला. त्यासाठी सन २००८ च्या सुमारास दहा गावांतील सुमारे १,७०० शेतकऱ्यांची १,७६० हेक्टरांच्या आसपास जमीन जुन्या कायद्याखाली संपादन झाली. शेतकरी बहुतेक आदिवासी. अनुसूचित क्षेत्रात संपादनापूर्वी ग्रामसभेचा सल्ला घ्यावा, असा सन १९९६ चा कायदा असल्याने ग्रामसभांवरूनही वाद झाला. विरोध झाला, खटले झाले, काहींनी मोबदलाही नाकारला. कारखाना मात्र उभा राहिला नाही. सन २०१६ मध्ये कंपनीने माघार घेतली. तत्कालीन सरकारने जमीन भूमी बँकेत ठेवण्याचे ठरविले. डिसेंबर २०१८ मध्ये आलेल्या भूपेश बघेल यांच्या सरकारने ती मालकांना देण्याचे ठरविले आणि १६ फेब्रुवारी २०१९ रोजी धुरागाव येथे शेतकऱ्यांच्या हाती कागदपत्रे पडली. एकाच 'किंवा'ची ही दोन टोके!

तथापि कागद मिळाला म्हणजे सर्व मिळाले असे नव्हे. पश्चिम बंगालमधील सिंगूर येथे टाटांच्या मोटार कारखान्यासाठी सन २००६ मध्ये सुमारे ९९७ एकर जमीन घेतली गेली. कंपनी सन २००८ मध्ये तेथून निघून गेली. ३१ ऑगस्ट २०१६ रोजी सर्वोच्च न्यायालयाने ते संपादनच बेकायदा ठरवून बारा आठवड्यांत जमीन परत करण्याचा हुकूम दिला. घेतलेला मोबदला परत करण्याची गरज नाही, असेही सांगितले. पण तेथे भराव, रस्ते व काँक्रीटची बांधकामे झाली होती. ती तोडून जमीन दिली, तरी सर्व शेते पूर्वीसारखी पिकाऊ झाली नाहीत. बांध पुसले गेले की मोजणी नव्याने करावी लागते आणि मातीची ताकद कोणत्याही हुकमाने एका दिवसात येत नाही.

शिवाय मधल्या काळात मूळ खातेदार निवर्ततो, मुले कामधंद्यासाठी पांगतात. परत देणारा अधिकारी विचारतो, वारस कोण? त्या वेळी निवाड्याची नक्कल, ताबा पावती, जुना सातबारा व फेरफाराचा उतारा ज्याच्या घरी जपलेला असतो, त्याचेच म्हणणे टिकते. ज्यांच्या जमिनी कधीकाळी संपादनात गेल्या असतील, त्यांनी हे कागद पत्र्याच्या पेटीत नीट ठेवावेत आणि वारसांची नोंद वेळेवर करून घ्यावी.

सार्वजनिक कामासाठी जमीन देणे हे गावाचे कर्तव्यच आहे. धरणे, रस्ते, शाळा त्याशिवाय झाल्या नसत्या. पण काम न झाल्यास घेतलेली वस्तू ज्याची त्याला परत करणे, हाही तितकाच जुना धर्म आहे. लोहंडीगुड्याला तो पाळला जाण्यास दहाहून अधिक वर्षे लागली. इतरत्र इतका काळ न लागो, हीच ग्रामदेवतेचरणी प्रार्थना.