योनास मेकस आणि दैनंदिनीपटाची घडण

दुसऱ्या महायुद्धानंतर अमेरिकेत प्रायोगिक चित्रपटाची जी चळवळ उभी राहिली, तिच्यात दैनंदिनीपट हा प्रकार, म्हणजे संहिता आणि नटसंच यांना फाटा देऊन रोजच्या जगण्याचे तुकडे टिपत जाणारा व मागाहून त्यांची जुळणी करणारा चित्रपट, रूढ झाला. त्याचे श्रेय प्रामुख्याने योनास मेकस यांना दिले जाते. लिथुआनियातील एका खेड्यात १९२२ साली जन्मलेले हे कवी १९४४ मध्ये भाऊ अडोल्फास यांच्यासह व्हिएन्नाकडे निघाले असता हॅम्बुर्गजवळच्या एल्म्सहॉर्न येथील जर्मन श्रमछावणीत डांबले गेले. युद्धानंतर मायदेश सोव्हिएत अमलाखाली गेल्याने परतीची वाट खुंटली आणि निर्वासितांच्या छावण्यांत काही वर्षे काढून दोघे १९४९ च्या अखेरीस न्यूयॉर्कला पोहोचले.

तेथे मेकस यांनी बोलेक्स हा १६ मिलिमीटर फिल्मचा कॅमेरा घेतला. त्याला हाताने चावी द्यावी लागे, एका चावीत अर्ध्या मिनिटाच्या आतच चित्रण थांबे, १०० फुटांचे रीळ पावणेतीन मिनिटांत संपे आणि चित्रणाबरोबर आवाज मुद्रित होत नसे. तुटक दृश्ये आणि त्यांवर नंतर चढवलेले निवेदन ही त्यांची शैली बऱ्याच अंशी या मर्यादांतून घडली. चित्रण आणि संकलन यांतील दीर्घ अंतराचाही तिच्यात वाटा आहे. १९४९ ते १९६३ या काळातील चित्रण त्यांनी १९७६ च्या ‘लॉस्ट, लॉस्ट, लॉस्ट’मध्ये वापरले, तर त्यानंतरच्या वर्षांवरील ‘वॉल्डन’ १९६९ मध्येच पुरा झाला होता. त्यामुळे पडद्यावर नवखे निर्वासित दिसतात आणि त्यांच्याविषयी बोलणारा असतो न्यूयॉर्कमध्ये मुरलेला, पन्नाशी ओलांडलेला संकलक.

‘रेमिनिसन्सेस ऑफ अ जर्नी टू लिथुआनिया’ (१९७२) या चित्रपटात पाव शतकानंतर, १९७१ च्या ऑगस्टमध्ये, घडलेली गावभेट आहे. तिची दृश्ये क्रमांक घालून मांडली आहेत. त्यांत उघड्यावरच्या चुलीपाशी स्वयंपाक करणारी आई आहे, आणि कॅमेऱ्याचा कल बदललेल्या देशापेक्षा बालपणीचा गाव शोधण्याकडे आहे.

ही निवड निरुपद्रवी नाही, याची जाणीव २०१८ साली झाली. युद्धकाळात लिथुआनियातील बिर्झाई परिसरात मेकस ज्या वृत्तपत्रांसाठी काम करत, त्यांत ज्यूविरोधी प्रचार छापला जात होता, याकडे इतिहासकार मायकल कॅस्पर यांनी लक्ष वेधले. मेकस यांचे स्वतःचे लेखन त्या प्रकारचे नव्हते. परंतु १९४१ मध्ये त्याच बिर्झाईत ज्यू रहिवाशांचे हत्याकांड झाले होते, आणि त्यांच्या चित्रपटांतील हरवलेल्या गावाच्या आठवणींत त्याला जागा मिळालेली नाही. दैनंदिनीपट हा आठवणाऱ्या माणसाविषयीचा अस्सल दस्तऐवज असतो. आठवलेल्या काळाविषयी त्याची साक्ष काढायची, तर ती इतर कागदपत्रांशी ताडूनच काढली पाहिजे.