अंगणात आलेली शाळा : बोर्डी-कोसबाडचा बालशिक्षणप्रयोग

बालपणीच्या पहिल्या पाच-सहा वर्षांत भोवतालाचे जे संस्कार होतात, त्यांतून मुलाची स्वतःविषयीची धारणा आणि वागण्याची रीत घडते, या विचाराला मारिया माँटेसरी यांनी 1907 साली रोममधील सान लोरेन्झो या श्रमिक वस्तीत बालगृह काढून शाळेचे रूप दिले. तोच विचार गिजुभाई बधेका यांनी 1920 साली भावनगरच्या बालमंदिरात रुजवला आणि त्यांच्या सहकारी ताराबाई मोडक यांनी 1926 मध्ये स्थापन झालेल्या नूतन बालशिक्षण संघामार्फत तो मराठी समाजात आणला. मात्र महागड्या साधनांमुळे हे शिक्षण मुख्यतः शहरी, सुस्थित घरांपुरतेच राहिले.

ही मर्यादा ओलांडण्यासाठी ताराबाईंनी 1945 मध्ये डहाणूजवळच्या बोर्डी गावी ग्राम बाल शिक्षा केंद्र सुरू केले आणि अनुताई वाघ त्यांना येऊन मिळाल्या. याच वर्षी या परिसरातील वारली समाज किसान सभेच्या नेतृत्वाखाली वेठबिगारीविरुद्ध, म्हणजे जमीनदाराकडे सक्तीने कराव्या लागणाऱ्या बिनमोल श्रमाविरुद्ध, उठला होता. यावरून तेथील मुले कोणत्या धाकात वाढत होती, याची कल्पना येते. गरीब वस्त्यांतील मुले केंद्रात येत नाहीत असे दिसताच शिक्षिका स्वतः त्यांच्या वस्तीत गेल्या आणि घरापुढच्या मोकळ्या जागेत वर्ग भरू लागला. हीच अंगणवाडी होय.

पुढे 1957 च्या सुमारास हे काम कोसबाडच्या टेकडीवर, आदिवासी पाड्यांच्या सान्निध्यात गेले. तेथे बिया, शंख-शिंपले, पाने आणि खडे हेच शिक्षणाचे साहित्य झाले, अंघोळ आणि स्वच्छता यांना शिक्षणाचेच अंग मानले गेले आणि गुरे राखणाऱ्या मुलांसाठी कुरणशाळा, म्हणजे चराईच्या रानातच भरणारी शाळा, निघाली. ओळखीच्या वस्तू आणि ओळखीची जागा यांतूनच शिकणे सुरू झाल्यामुळे शाळेत येण्यासाठी मुलाला आपले जग मागे टाकावे लागत नसे.

2 ऑक्टोबर 1975 रोजी केंद्र सरकारने एकात्मिक बालविकास सेवा योजना सुरू केली आणि अंगणवाडी देशभर पोहोचली. पूरक आहार, लसीकरण, आरोग्य तपासणी यांसारख्या सहा सेवांत पूर्वप्राथमिक शिक्षण ही एक सेवा ठरली. उपाशी आणि आजारी मूल शिकू शकत नाही, म्हणून ही जोड आवश्यकच होती. परंतु मुलाच्या भोवतालातच शिक्षणाचा आरंभ शोधण्याची कोसबाडची दृष्टी तितक्याच निष्ठेने जपली गेली, तरच या योजनेचे मूळ प्रयोजन पूर्ण होईल.